भार्गवची आई भात किती वाजता लावते?

पत्र :
ताई, मी २७ वर्षांचा आहे. शिरोली एमआयडीसीतल्या एका फाउंड्रीत क्वालिटीला आहे, तिन्ही पाळ्या फिरून येतात. दोन वर्षं झाली, मोबाइलवर एक कादंबरी लिहितोय. १४० पानं झालीत. आवर्तपूर नावाचं डोंगरउतारावरचं शहर आहे. तिथं काळ सगळीकडे सारखा चालत नाही. वरच्या माचीवर एक दिवस जातो तेवढ्यात खालच्या गल्ल्यांत तीन दिवस होतात. भार्गव हा तिथला यंत्रकार. त्याचं जन्मापासून मरणापर्यंतचं आयुष्य मला सांगायचंय. त्याची ११ यंत्रं आहेत, प्रत्येकाला नाव आहे, मी आकृत्याही काढल्यात. दोन मित्रांना वाचायला दिलं. एक म्हणाला, “यंत्रं भारी आहेत, पण भार्गव कोण ते कळलं नाही.” दुसऱ्यानं अर्ध्यात सोडलं. एकानं ऐकवलं, काळाच्या असल्या गोष्टी म्हणजे इंग्रजीची नक्कल. वडील म्हणतात, हे लिहून काय मिळणार? भार्गव जिवंत कसा करू? की सोडून देऊ? सगळी फाइल सोबत पाठवतोय. आणि अहोजाहो नको, मी तुमच्या मुलाच्या वयाचा आहे.

उत्तर :
प्रिय भार्गवच्या लेखका,

फाइल पूर्ण वाचली. दुसऱ्यांदा वाचताना पेन्सिल घेऊन बसले आणि पान ८३ वर थांबले. तिथं तू लिहिलंयस : “भार्गव माचीवरून परतला तेव्हा आईचे केस आणखी थोडे पांढरे झाले होते. त्याने तिला नमस्कार केला आणि नव्या यंत्राच्या आराखड्याला लागला.” एवढंच. पुढच्या ओळीपासून सहा पानं यंत्राचं वर्णन.

अरे, तुझी कादंबरी त्या दोन वाक्यांत आहे. बाकीच्या १४० पानांत तू तिच्या आजूबाजूनं फिरतोयस.

मी वहीत मांडून पाहिलं. तूच नियम घालून दिलायस, वर एक म्हणजे खाली तीन. भार्गव वर आठ तास काम करतो. तेवढ्यात खाली पुरे चोवीस तास जातात. मग तो घरी येतो, सोळा तास राहतो, झोपतो, जेवतो, परत निघतो. म्हणजे त्याच्या अंगावरून एक दिवस गेला, तेवढ्यात आईच्या अंगावरून चाळीस तास गेले. त्याची तीन वर्षं म्हणजे आईची पाच. तो विसाव्या वर्षी कामाला लागला आणि आई तेव्हा चाळीस वर्षांची होती असं धर. तो पन्नाशीला येईल तेव्हा ती नव्वदीला पोचलेली असेल. मायलेकरांतलं वीस वर्षांचं अंतर चाळीस झालं, आणि ते त्याच्या कामानं वाढवलं. एकेका पाळीनं वाढवलं.

आता याच हिशेबात आणखी एक गोष्ट दडली आहे, ती सापडली तेव्हा मी खुर्चीतून उठले. समज, भार्गव सकाळी आठ वाजता घरी आला. सोळा तास राहिला, मध्यरात्री बाहेर पडला. वर आठ तास काढून आला तेव्हा खाली पुन्हा मध्यरात्र. आता सोळा तासांनी निघेल तो दुपारी चारला, आणि येईल दुसऱ्या दिवशी दुपारी चारला. पुढच्या खेपेला सकाळी आठ. आठ, बारा, चार. या तीन वेळा तुला ओळखीच्या वाटतात का? कुठल्याही कारखान्याचा भोंगा ऐकलेल्या माणसाला त्या पाठ असतात.

तुझ्या घरी कोणीतरी तुझ्या पाळीप्रमाणे जेवण गरम करत असेल. रात्रपाळीहून आल्यावर दुपारी झोपताना खिडकीला चादर कोण लावतं, गल्लीतल्या पोरांना “हळू खेळा रे” कोण सांगतं, हे तू मला लिहिलेलं नाहीस, पण तुला ते माहीत आहे. म्हणून माझा पहिला प्रश्न यंत्राबद्दलचा नाही. भार्गवची आई भात किती वाजता लावते? तिला कसं कळतं तो आज केव्हा येणार? तिनं भिंतीवर कोळशाच्या रेघा ओढल्यात का? शेजारीण तिला चिडवते का, की तुझ्या घरात दुपारी चारला सकाळ होते? हे एकदा लिही. भार्गव कोण आहे ते तुझ्या मित्राला दुसऱ्या पानावर कळेल.

दुसरा प्रश्न थोडा अवघड आहे, पण त्याला बगल देऊ नकोस. भार्गव वर जातोच कशाला? साधा व्यवहार बघ. खाली तिप्पट वेळ मिळतो. ज्याला काम उरकायचं आहे त्यानं खालीच भट्टी लावावी, आठवड्याचं काम करून वर जावं, वरचे म्हणतील सव्वादोन-अडीच दिवसांत कसं केलंस? तुझ्या फाइलमध्ये याचं उत्तर नाही. हुशार वाचक नेमका इथं पुस्तक मिटतो. उत्तर शोधशील तेव्हा शहर आपोआप भरत जाईल. मला एक सुचलं ते सांगते, पटलं तर घे. माचीवर धनवान राहतात. तिथं बसलं की खालच्यांची तीन दिवसांची मेहनत एका दिवसात दारात येते. सकाळी दिलेलं कापड संध्याकाळी विणून, रंगवून, शिवून हजर. अशा लोकांना माची कशी सोडवेल? आणि आपला यंत्रकार तरी ते खाली का राहू देतील? तो डोळ्यांसमोर हवा. म्हणून भार्गवला वर जावं लागतं. त्याचा पगार वरच्या घड्याळानं आणि घरभाडं खालच्या घड्याळानं. एवढं एक वाक्य तुझ्या शहरात घाल, मग बघ. सावकार व्याज कुठल्या दिवसानं लावतो, वर गेलेल्या माणसाच्या लग्नाची बोलणी किती थांबतात, खालच्या पोराचं बारसं वरच्या मामाला कधीच का गाठता येत नाही, सगळं ओळीनं येत जाईल.

आता यंत्रांबद्दल. अकरापैकी दहा काढून टाक. तुला वाईट वाटेल, आकृत्यांवर रात्री घालवल्यास हे दिसतंय. जपून ठेव, पण कादंबरीतून काढ. हे मी एका खऱ्या माणसाच्या आधारानं सांगते आहे. जॉन हॅरिसन, जन्म १६९३, इंग्लंडमधल्या यॉर्कशरचा, सुताराचा मुलगा. घड्याळ करायला कोणाकडे शिकला नाही. त्या काळी समुद्रात गेलेल्या जहाजाला आपण पूर्व-पश्चिम नेमके कुठं आहोत ते कळत नसे. १७०७ मध्ये सिली बेटांच्या खडकांवर ब्रिटिश आरमाराची चार जहाजं फुटली आणि हजाराहून जास्त माणसं बुडाली. १७१४ मध्ये इंग्लंडच्या संसदेनं कायदाच केला, जो रेखांश काढायची खात्रीची रीत देईल त्याला २०,००० पौंडांपर्यंत बक्षीस. पृथ्वी तासाला १५ अंश फिरते, म्हणजे चार मिनिटांना एक अंश. जहाज आहे तिथली वेळ सूर्यावरून कळते; निघालेल्या बंदराची वेळ बरोबर दाखवणारं घड्याळ सोबत असलं की दोन्ही वेळांतल्या फरकावरून रेखांश निघाला, काम झालं. पण घड्याळ चार मिनिटं चुकलं, तर विषुववृत्तावर जहाज १११ किलोमीटर चुकणार. हलत्या जहाजात लंबक चालत नाही, उन्हानं धातू वाढतो, थंडीनं आखडतो, तेल घट्ट होतं. हॅरिसननं आयुष्यभर हे एकच काम केलं.

त्याचं पहिलं समुद्री घड्याळ १७३५ मध्ये झालं, साधारण ३४ किलोचं धूड. पुढच्या वर्षी लिस्बनच्या सफरीत ते चांगलं चाललं. १७३७ मध्ये तो बक्षीस ठरवणाऱ्या मंडळासमोर उभा राहिला तेव्हा सगळे खूश होते, घड्याळातले दोष सांगणारा तो स्वतः एकटाच. त्यानं बक्षिसाची चाचणी मागितली नाही, दुसरं घड्याळ करायला वेळ आणि पैसे मागितले. हा माणूस मला इथं दिसतो. तिसरं घड्याळ करायला त्याला १९ वर्षं लागली. एकोणीस! आणि ते त्याच्या मनासारखं कधी चाललंच नाही. पण त्या न जमलेल्या कामात त्यानं दोन धातूंची जोडपट्टी शोधली आणि पिंजऱ्यातल्या रोलरचं बेअरिंग शोधलं. तुझ्या कारखान्यात फिरणाऱ्या कितीतरी शाफ्टखाली आज त्याच घराण्याचं बेअरिंग आहे. पुढचं, चौथं घड्याळ झालं ते जेमतेम १३ सेंटीमीटरचं, हातात मावणारं. ते घेऊन १७६१ मध्ये जमैकाला गेला त्याचा मुलगा विल्यम, कारण बाप ६८ वर्षांचा झाला होता. ८१ दिवसांत घड्याळ ५ सेकंद मागं पडलं. तरीही पैशासाठी भांडत राहावं लागलं, संसदेनं शेवटची मोठी रक्कम दिली तेव्हा तो ऐंशीचा होता. १७७६ मध्ये आपल्या वाढदिवशीच गेला.

विल्यमचा विचार कर. तिसरं घड्याळ सुरू झालं तेव्हा तो बारा-तेरा वर्षांचा पोर होता, संपलं तेव्हा तिशी ओलांडलेला बाप्या. एका टेबलाशी बसून एका माणसानं मुलाचं अख्खं तारुण्य घालवलं, आणि मुलगा तेच टेबल उचलायला शेजारी येऊन उभा राहिला. इथं काळ कुणी वाकवला नव्हता.

म्हणून भार्गवला एकच यंत्र दे, आणि ते तुझ्याकडे आहे. यादीतलं सातवं, ‘सांधणी’. माची आणि गल्ली एका घटकेपुरती एका वेगानं चालवणारं. ते तू दीड पानात उरकलंस आणि पुढच्या पानावर पतंगाला बांधायच्या घड्याळाकडे वळलास. सांधणी त्याला कशासाठी हवी आहे हे मी तुला सांगायला हवं का? ती घटका त्याला चुलीपाशी बसून काढायची आहे. ती चालू व्हायला त्याला किती वर्षं लागतात आणि त्यातल्या प्रत्येक वर्षाची किंमत खाली कोण मोजतं, हेच भार्गवचं चरित्र. ज्या वस्तूनं आईजवळ जायचं, तीच करताना तो तिच्यापासून लांब चालला आहे. मला हे वाचताना पोटात तुटलं, आणि तू ते लिहिलेलंसुद्धा नाहीस अजून.

आणि सांधणी मोडू दे. तुझ्या अकरा यंत्रांपैकी एकही कधी बिघडत नाही, हे वाचून मला नवल वाटलं, कारण तू क्वालिटीला आहेस. वरून चकचकीत दिसणाऱ्या कास्टिंगमध्ये मशीनिंग करताना ब्लोहोल, म्हणजे आत अडकलेल्या वायूचं पोकळ भोक, उघडं पडतं तेव्हा काय होतं, ओतणारा कोणाकडे बघतो, सुपरवायझर काय बोलतो, रिजेक्शनचा खडू कसा मारतात, हे रोज बघणारा लेखक मराठीत किती जणांना मिळालाय? भार्गवची भट्टी तुझ्या भट्टीसारखी असू दे. वाळूचा वास, मोल्ड फोडताना उडणारी धूळ, व्हर्निअर धरून दुखणारा अंगठा. तू जे लिहिलंयस, ‘तेजस्वी नील ऊर्जेचा स्तंभ’, ते तू कधी पाहिलेलं नाहीस आणि ते कळतं.

माझे वडील घड्याळजी होते. जिन्याखाली चार फुटांचं दुकान. डोळ्यात भिंग अडकवून, पांढऱ्या फडक्यावर भाग मांडून बसायचे. मी शाळेतून आले की दिवा धरायचं काम माझं. पेट्रोलमध्ये बुडवून, कुंचल्यानं घासून चाकं स्वच्छ करायची, सुकवायची, चिमट्यानं एकेक परत बसवायचं. केसासारखी बारीक स्प्रिंग असते, तिच्या वेटोळ्यात एक तंतू अडकला तर घड्याळ पुढं पळायला लागतं. एकदा मोहरीपेक्षा लहान स्क्रू उडाला. दुकान बंद करून त्यांनी सगळा केर वर्तमानपत्रावर झाडून घेतला आणि चिमूट चिमूट पसरून तपासला. सापडला रात्री साडेनऊला. आई दोनदा बोलावून गेली होती. त्यावर “आलोच” म्हणाले होते. घड्याळ जोडून झालं तरी गिऱ्हाइकाला लगेच द्यायचे नाहीत. एक रात्र आडवं ठेवायचे, एक रात्र उभं टांगायचे, आणि किती मिनिटं पुढं-मागं झालं ते वहीत लिहायचे. घाई करणाऱ्याला सांगायचे, “रात्र जाऊ द्या.” ती रात्र कुणालाही आखूड करता येत नव्हती.

तुझ्या कादंबरीतून मला एकच गोष्ट पाहिजे असेल तर ती ही. आवर्तपुरात काळ हवा तसा वाकू दे, पण भार्गवच्या टेबलावर वाकू देऊ नकोस. कानशीनं जेवढा वेळ लागतो तेवढा लागू दे. सध्या तुझा भार्गव अडला की एखादी कळ दाबून मागं जातो आणि चूक सुधारतो. त्यामुळे त्याचं काहीच पणाला लागत नाही, आणि म्हणूनच तुझ्या दुसऱ्या मित्रानं अर्ध्यात सोडलं. ती कळ काढून टाक.

जन्मापासून मरणापर्यंत कसं सांगायचं, हा तुझा प्रश्न राहिला. वाचकाच्या हातात कुणाचं घड्याळ द्यायचं ते आधी ठरव. दोन वेळा चालवणारं शहर आपल्याकडे खरोखर होऊन गेलंय. १९०६ च्या १ जानेवारीपासून भारताची प्रमाणवेळ सुरू झाली, पण मुंबईची आपली वेळ तिच्या ३९ मिनिटं मागं, आणि शहरात ती १९५५ पर्यंत टिकून होती. रेल्वे एका वेळेवर, शहरातली कितीतरी घड्याळं दुसऱ्या वेळेवर. माणसं पन्नास वर्षं तशी राहिली, कारण त्यांच्याकडे विचारायला शब्द होते : मुंबई टाइम की स्टँडर्ड? आवर्तपूरच्या लोकांच्या तोंडी असे शब्द दे. ‘वरचा दिवस’, ‘खालचा दिवस’ असं काही. तू दर प्रकरणाच्या डोक्यावर तक्ता घातलायस, त्याची गरज उरणार नाही. मला विचारशील तर कथा आईच्या वयानं मोज. ‘आईच्या पंचावन्नाव्या वर्षी’ असं प्रकरण सुरू झालं की भार्गव तेव्हा किती तरुण आहे हे वाचक स्वतःच काढेल, आणि काढताना त्याला कसंतरी होईल. मधली वर्षं बिनधास्त गाळ. जन्म, बालपण, शिक्षण ही चाळीस पानं तर आत्ताच्या आत्ता गाळ.

नक्कल म्हणणाऱ्याला फार मनावर घेऊ नकोस. भागवतात ककुद्मी राजाची गोष्ट आहे. मुलगी रेवती हिला वर शोधायचा म्हणून तिला घेऊन तो ब्रह्मदेवाकडे गेला, तिथं गाणं चालू होतं म्हणून थोडा वेळ थांबला. गाणं संपल्यावर कळलं, पृथ्वीवर २७ चतुर्युगं उलटली, मनात धरलेले सगळे वर कधीच मातीत गेले. काळ वाकतो हे आपल्या आजीलाही ठाऊक होतं. घटका हे मापही बघ ना. तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी पाण्यात सोडायची, भरून बुडाली की एक घटका, २४ मिनिटं. “त्याची घटका भरली” असं आपण अजून म्हणतो, ती ही वाटी. भास्कराचार्यांच्या लीलावतीची दंतकथा त्याच वाटीवर उभी आहे : लग्नघटिका मोजायला वाटी सोडलेली, ती मुलगी कौतुकानं वाकून बघते, दागिन्यातला मोती निसटून भोकावर बसतो, वाटी बुडतच नाही आणि मुहूर्त निघून जातो. खरं-खोटं सोड. पण यंत्र कशानं बिघडावं हे यातून शिकण्यासारखं आहे. शत्रूनं फोडलं नाही, वीज पडली नाही. जिच्यासाठी मांडलं तिच्याच अंगावरचा मोती. सांधणी कशानं बंद पडेल, याचं उत्तर मी देत नाही, पण ते त्या घरातूनच यायला हवं.

वडिलांचा प्रश्न रास्त आहे. पैसे मिळण्याची शक्यता कमी, हे त्यांना मोकळेपणानं सांग. नोकरी सोडू नकोस, आणि रात्रपाळीनंतरची झोप मोडून लिहू नकोस. आठवड्याला तीन पानं झाली तरी वर्षभरात कादंबरी होते. त्यांना एकदा पान ८३ वाचून दाखव, नव्यानं लिहिल्यावर. आईलाही बसव. सोडून देऊ का, हे मात्र मला पुन्हा विचारू नकोस. दोन वर्षं पाळ्या सांभाळून अंगठ्यानं १४० पानं लिहिणाऱ्या मुलाला मी सोड म्हणणार नाही.

आता बस आणि त्या दुपारचं लिही. चार वाजलेत, तो आठ तास काम करून आलाय, तिचा पुरा एक दिवस गेलाय, चुलीवर काय आहे. यंत्राचा उल्लेख नको. तेवढी दोन-तीन पानं मला पाठव, मी वाट बघते.

आणि एक राहिलं. अकरा यंत्रांना तू नावं दिलीस, एका विहिरीलासुद्धा दिलंस. भार्गवच्या आईचं नाव मी १४० पानांत शोधलं, मिळालं नाही. आधी ते ठरव.

तुझी,
ताई